मोमोसेचं राहिलेलं हसू

१

मरणं हा माझा धंदा आहे. माझं नाव इसोगाई. ते तुम्ही कुठल्या पोस्टरवर वाचलेलं नसणार, पण चेहरा दाखवला तर म्हणाल, अरे, हा तो ना, जुगाराच्या अड्ड्याच्या दारात उभा असतो आणि नायक तलवार उपसून आला की सगळ्यांत आधी आडवा होतो? तोच मी. क्योतोतल्या उझुमासाच्या स्टुडिओत टोळीवाल्यांचे जेवढे चित्रपट निघाले, त्यांतल्या बहुतेकांत मी मेलोय. सुऱ्याने, तलवारीने, पिस्तुलाने, आणि एकदा तर चुकून आमच्याच टोळीच्या म्होरक्याच्या हातून.

नवा चित्रपट लागला की किनुए, माझी बायको, पदरमोड करून संत्री आणते आणि पहिल्या खेळाला येते. मी मेलो की ती उठून घरी जाते. "पुढचं कशाला बघायचं? आपलं माणूस संपलं," म्हणते. एका संत्र्यापेक्षा जास्त तिला क्वचितच लागतात.

आमच्यासारख्या नटांना स्टुडिओत एकच मोठी खोली असते. चटयांवर ओळीने आरसे, आरशासमोर ज्याची त्याची गादी. माझ्या शेजारचा आरसा मोमोसेचा. आम्ही एकाच वर्षी आलो, एकाच आठवड्यात पहिल्यांदा मेलो, आणि रोज संध्याकाळी स्टुडिओच्या हमामखान्यात एकमेकांच्या पाठीवरचं रंगाचं रक्त घासून काढत आलो. त्याने लग्न केलं नव्हतं. रात्रीचं जेवण आमच्याकडे. "वहिनी, आज छातीत दोन गोळ्या लागल्यात, भात जास्त वाढा," असं दारातूनच ओरडत यायचा.

मोमोसे हसायचा तेव्हा आवाज यायचा नाही. नुसते खांदे हलायचे, आणि उजवा पाय आपोआप झाडला जायचा, झोपलेल्या कुत्र्याचा झाडला जातो तसा. जेवताना हसला की शेजारच्याने आपली वाटी सांभाळायची.

त्याला हसवायला मला नवीन विनोद कधी लागलाच नाही. आमच्या पहिल्या चित्रपटात आम्ही दोघं कात्सुरा नदीत प्रेतं होऊन तरंगत होतो. दिग्दर्शकाचं 'कट' ऐकू आल्याशिवाय मेलेल्याने उठायचं नाही, हा आमचा पहिला धडा. मी काठाला अडकलो, मोमोसेला धारेने ओढलं. कट काही त्याच्या कानावर पडला नाही. छातीत सुरा रोवलेला, तोंड आभाळाकडे वळवून हा बाबा कर्तव्य म्हणून मेलेलाच वाहत खालच्या गावापर्यंत गेला. तिथे बायका मुळे धूत होत्या. त्यांतली एक म्हातारी जवळ आली, मुळ्याने त्याचं पोट ढोसलं आणि विचारलं, "अहो, मेलात की नुसती थंडी वाजतेय?"

मोमोसेने डोळे न उघडता विचारलं, "कट झाला का?"

हे मी त्याला निदान आठवड्यातून एकदा सांगायचो. स्वतःच्याच बाबतीत घडलेली गोष्ट, पण म्हातारीचा प्रश्न आला की त्याचा पाय झाडला जायचाच.

आता आमच्या स्टुडिओची एक पद्धत सांगायला हवी. मरणाचा टेक संपला, दिग्दर्शकाने कट म्हटलं, तरी कॅमेरामन किशिनो कॅमेरा थांबवत नाही. मेलेल्याने डोळे उघडायचे, भिंगाकडे बघायचं आणि एकदा हसायचं. मग कॅमेरा बंद. हसण्याचा तो तुकडा नंतर कापून फेकून देतात. म्हणजे मरण नुसतं खेळातलं होतं, इतकंच. का करायचं, कुणी सुरू केलं, हे विचारायच्या भानगडीत कुणी पडत नाही. कॉलेजात शिकून आलेले नवे नट या प्रकाराची टिंगल करतात, आणि टिंगल करून झाली की गुपचूप हसून घेतात.

२

वर्ष संपत आलं होतं. स्टुडिओत आवराआवरीची घाई, हातातल्या चित्रपटाचं शेवटचं दृश्य, आणि मासळीबाजाराच्या गल्लीत मोमोसेला मरायचं होतं. दिग्दर्शक कुसाकासाहेब म्हणाले, "सुरा लागला की पड. झटपट."

मोमोसे झटपट मरणाऱ्यांतला नव्हता. सुरा लागल्यावर तो टोफूवाल्याच्या गाड्याला धरून उभा राहिला, टोफूचा एक तुकडा उचलून तोंडात टाकला, चावला. कोपऱ्यावरच्या दगडी जिझोदेवाला हात जोडले. पुढे धडपडत आला, थांबला. मग, मला अजून दिसतं, त्याने पायांतल्या चपला काढल्या, वाकून एकीशेजारी एक नीट लावून ठेवल्या, आणि घरात शिरावं तसा जमिनीवर आडवा झाला. कुसाकासाहेब कट म्हणायचं विसरले. मला त्याचा इतका अभिमान वाटला की मी स्वतः मेलेलो असताना माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

तेवढ्यात कॅमेऱ्यातून फटफट आवाज आला. रीळ संपलं होतं. मोमोसेने डोळे उघडले, भिंगाकडे बघितलं आणि पाय झाडून हसला. कॅमेरा बंद होता.

किशिनो म्हणाला, "थांबा. नवीन रीळ चढवतो."

"एका हसण्यासाठी?" कुसाकासाहेब म्हणाले. "ऑफिसवाले माझी चटणी करतील. चला, चला, तिकडे वर्षअखेरच्या मेजवानीत साके थंड होतेय."

"राहू दे हो किशिनोसान," मोमोसे चपला घालत म्हणाला. "घरी जाऊन वहिनींसमोर हसेन."

आणि हसला की. त्या रात्री आमच्याकडे इतका हसला की किनुएची एक वाटी फुटली. किशिनो मात्र मेजवानीला आला नाही. कॅमेऱ्यावर कापड टाकून कितीतरी वेळ तिथेच उभा होता म्हणे.

प्लमची झाडं फुलली तेव्हा मोमोसे गेला. झोपेत. आयुष्यभर गल्ली उलटीपालटी करून प्राण सोडणारा माणूस, खरा मेला तेव्हा पांघरूणसुद्धा विस्कटलं नव्हतं. अंत्यविधीला लावायला फोटो शोधला तर सगळ्या फोटोंत तो गुंड. शेवटी किनुएने त्यांतल्या त्यात सज्जन दिसणारा निवडला, गालावर एकच वण असलेला. भिक्षू मंत्र म्हणताना सारखा त्या वणाकडे बघत होता. आमची अख्खी खोली रडत होती आणि हसत होती, आणि मी मनात म्हणत होतो, बघ रे लेका, काय गर्दी जमवलीस.

३

चेरीचा बहर ओसरला आणि पुढचा चित्रपट सुरू झाला. तीच गल्ली, यावेळी पाटी सुतारआळीची. भर दुपारची हाणामारी. नेहमीप्रमाणे मी आधी पडलो, पिंपाच्या आडोशाला, पोटावर.

मेलेल्याने डोळे मिटायचे असतात. मी पापणीची एक बारीक फट ठेवतो. कोण पायावर पाय देईल याचा भरवसा नसतो. त्या फटीतून मला गल्लीचं लांबचं टोक दिसलं. विहिरीजवळ कुणीतरी पडलं होतं. तळपाय माझ्याकडे. पायांत अंगठा वेगळा असलेले पांढरे मोजे, चपला नाहीत. उजव्या मोज्याच्या अंगठ्यावर लाल दोऱ्याचं रफू.

ते रफू मी ओळखत होतो. किनुएने घातलं होतं. घरातला पांढरा दोरा संपला होता म्हणून लाल वापरला होता, आणि मोमोसे म्हणाला होता, "झकास! आता गोळी पायाला लागली तरी रंगाचा खर्च वाचेल."

कट झाला. एकेक मेलेला डोळे उघडून हसला, किशिनोने कॅमेरा ओळीने सगळ्यांवर फिरवला. माझी पाळी आली, मीही हसलो. उठून विहिरीकडे बघितलं. तिथे गवताची चटई पडली होती. चटईवर ऊन होतं, आणि दुसरं काही नव्हतं.

४

मी भित्रा नाही, आणि मूर्खही नाही. उजेडात डोळे बारीक केले की काहीही दिसतं. कपडेपटात मोज्यांचा ढीग असतो. क्योतोत पांढरा दोरा संपणारी किनुए काही एकटी नाही. हे सगळं मी घरी जाताना स्वतःला नीट पटवून दिलं.

किनुए बांगडे भाजत होती. मी सहज विचारावं तसं विचारलं, "मोमोसेचे ते मोजे गं. लाल दोऱ्याचे. ते तू कपडेपटात परत दिलेस का?"

"म्हणजे?"

"काही नाही, आपलं विचारलं."

"तो जाताना त्याच्या पायांत मीच घातले ना," ती म्हणाली. "दुसरे कोरे होते घरात, पण म्हटलं, त्याला आवडायचे हेच जाऊ देत. त्याच्याबरोबरच जळले ते." तिने बांगडा उलटला. "का हो?"

"तसंच."

"तुम्ही तसंच कधी काही विचारत नाही."

मी भात जास्त घेतला आणि विषय बदलला. आमच्याकडे अजूनही तीन वाट्या मांडल्या जातात. सवय. तिसरी ती गुपचूप उचलून ठेवते.

५

दुसऱ्या दिवशी आदल्या दिवशीचं चित्रण बघायला आम्ही स्टुडिओतल्या पडद्याच्या खोलीत बसलो. कुसाकासाहेब एकाएकी खुर्चीत पुढे सरकले.

"हा कोण रे? विहिरीजवळचा?"

पडद्यावर तो होता. लांब, धूसर, पण होता.

"काय मेलाय!" कुसाकासाहेब म्हणाले. "पोट बघा. हलतंय का? नाही. तुम्ही सगळे भात्यासारखे वरखाली होता. शिका जरा त्याच्याकडून."

सगळे माना डोलवत होते. चेहरा पलीकडे वळलेला, म्हणून प्रत्येकाला वाटलं, दुसरा कुणीतरी असेल. मेलेल्यांची हजेरी कोण घेतो? मी किशिनोकडे बघितलं. तो मांडीवरच्या टोपीकडे बघत बसला होता.

मला एकच गोष्ट खुपत होती. मोमोसेला श्वास कधीच रोखता यायचा नाही. त्याचं पोट हलायचं म्हणून त्याला नेहमी पालथं पाडायचे. इतका चांगला मेलेला तो कधीच नव्हता.

त्यानंतरच्या चित्रपटात तो टोफूच्या गाड्यापाशी पडला होता. त्याच्या पुढच्यात जिझोच्या पायाशी. प्रत्येक वेळी मला वाटलं की तो माझ्याकडे सरकतोय, आणि प्रत्येक वेळी मी पिंपाच्या आडोशाला जरा जास्तच अंग चोरून मेलो. कुसाकासाहेब मला म्हणाले, "इसोगाई, हल्ली तू मरताना घाबरलेला दिसतोस. छान वाटतं. तसंच ठेव."

६

आणि त्या घाबरण्यापायी मला भूमिका मिळाली! गंमत नाही. टोळीचा जुना कारभारी. दहा-बारा वाक्यं, शेवटी नायकाच्या मांडीवर मरण, आणि मरताना क्लोजअप. माझा चेहरा पडदाभर. किनुएने लाल घेवड्याचा भात केला, शेजारपाजारी वाटला, आणि टोफूवालीला सांगितलं, "यांचं तोंड आता घराएवढं दिसणार." मी तरंगत होतो. रस्त्याने जाताना मरायची तालीम करायचो. लोक बाजूला व्हायचे.

मी मोठं मरण ठरवलं होतं. नायकाचा हात धरायचा, सोडायचा, पुन्हा धरायचा. आभाळाकडे बघायचं. काहीतरी बोलायला ओठ उघडायचे आणि न बोलता मिटायचे. मोमोसेला शोभेल असं.

त्या सकाळी मी खोलीत सगळ्यांआधी आलो. आरसे झाकलेले, छपरावर चिमण्यांची कचकच, कुठेतरी नळ ठिबकत होता. मी माझ्या आरशावरचं कापड काढलं आणि रंग लावायला लागलो. लावता लावता कळलं की चिमण्या गप्प झाल्यात. नळही.

आरशात माझ्या खांद्यामागे खोलीचा कोपरा दिसतो. तिथे चटईवर दोन पांढरे तळपाय होते, टाचा जमिनीला टेकलेल्या, बोटं छताकडे. लाल दोरा.

माझ्या डोक्याने नेहमीचं सुरू केलं. कुणीतरी झोपलंय. रात्री पिऊन इथेच पडलंय. मी ब्रश खाली ठेवला आणि आरशातच बघत म्हणालो, "मोमोसे, आज माझा क्लोजअप आहे रे."

काहीच हललं नाही. त्या पायांत वाट बघणं होतं. कसं सांगू? झोपलेल्या माणसाचे पाय सैल पडतात. हे सैल नव्हते. हे पाय मला ठाऊक होते, कारण माझेही तसेच असतात, टेक चालू असताना.

दार सरकलं, नवे नट गोंगाट करत आत आले, चिमण्या पुन्हा बोलायला लागल्या. कोपऱ्यात गुंडाळलेली गादी होती. माझ्या कपाळावरचा रंग घामाने ओघळला होता, तो मी पुन्हा लावला.

७

दुपार उतरली होती. किशिनोने मला बाजूला घेतलं. "रीळ एवढंच उरलंय. मरण्यात उधळलंस तर हसायला राहणार नाही. मोमोसेचं झालं तेवढं पुरे."

"सांभाळून मरेन," मी म्हणालो.

मी नायकाच्या मांडीवर डोकं ठेवलं. कॅमेरा इतका जवळ आला की भिंगात मला माझा चेहरा दिसत होता. कॅमेरा गरगरायला लागला. मी नायकाचा हात धरला. सोडला. आभाळाकडे बघायला मान वळवली, आणि आभाळाच्या ऐवजी तो दिसला.

कॅमेऱ्याच्या अगदी पायाशी. हात लांब केला असता तर पोचला असता. पहिल्यांदाच तोंड माझ्या बाजूला होतं. डोळे उघडे, कोरडे, आणि त्यांवर धूळ. गल्लीतली बारीक धूळ, बुबुळांवर बसलेली, आणि तो पापणी लववत नव्हता. ओरडलो असतो, पण मी मरत होतो, आणि टेक चालू असताना ओरडणारा नट मी नाही.

मग दिसलं की तो माझ्याकडे बघतच नव्हता. भिंगाकडे बघत होता. विहीर, गाडा, जिझो: तो माझ्याकडे कधी सरकलाच नव्हता, कॅमेऱ्याकडे सरकत होता. मासळीबाजारातल्या त्या मरणाचा कट त्याच्या कानावर पडलाच नव्हता, हसू कॅमेऱ्यात गेलंच नव्हतं. खालच्या गावापर्यंत वाहत गेला तरी उठला नव्हता, तो हाच गाढव. मला भयंकर भीती वाटत होती आणि त्याच वेळी त्याचा भयंकर लळा दाटून आला.

हात पुन्हा धरायचा राहिला. ओठ उघडून मिटायचे राहिले. इतके दिवस घोकलेलं सगळं सोडलं आणि मी तिथल्या तिथे मेलो. डोळे मिटले, मान टाकली.

"कट!" कुसाकासाहेब म्हणाले. "इसोगाई, हस लवकर."

मी उठून बसलो आणि म्हणालो, "किशिनोसान, माझ्यावर नको. खाली. तुमच्या पायाशी."

किशिनोने काय, का, कुठे, काही विचारलं नाही. एवढे महिने भिंगातून तोही मोमोसेला बघत होता. त्याला विचारायचं काय होतं? कॅमेरा त्याने खाली झुकवला.

"अरे, काय चाललंय?" कुसाकासाहेब ओरडले. "रीळ जातंय!"

मी गुडघ्यांवर पुढे सरकलो. जवळ गेल्यावर थंडी लागली. मी डोळे घट्ट मिटले, कारण त्या बुबुळांवरची धूळ मला पुन्हा बघवली नसती, आणि मुळा धुणाऱ्या म्हातारीच्या आवाजात, जमेल तेवढ्या थाटात विचारलं, "अहो, मेलात की नुसती थंडी वाजतेय?"

कॅमेरा गरगरत होता. गवताची चटई एकदा खसखसली. मग फटफट आवाज आला. रीळ संपलं.

डोळे उघडले तर चटई होती, ऊन होतं, आणि नायक सेक्रेटरीला विचारत होता की हा म्हातारा बरा आहे ना.

८

ते चित्रण बघायला दुसऱ्या दिवशी खोली भरली होती. माझा क्लोजअप म्हणून सगळे आले होते. पडद्यावर माझा चेहरा आला, खरंच घराएवढा. हात धरला, सोडला, मान वळवली, डोळ्यांत काहीतरी भरून आलं, आणि मेलो. कुसाकासाहेब हळूच म्हणाले, "हे कुठून आणलंस रे?"

मग चित्र घसरलं. नायकाचा गुडघा, माती, चटईची कड. आवाज नव्हता, आमचे आवाज नंतर भरतात. नुसती यंत्राची गरगर आणि पडद्यावर रिकामी माती. कुणीतरी हसून म्हणालं, "किशिनोसान, आता दगडाचाही क्लोजअप का?"

चौकटीच्या खालच्या कडेला काहीतरी पांढरं होतं. पायाचा पंजा. अंगठ्यावर लाल ठिपका. निश्चल. इतका निश्चल की बघणाऱ्याचाच श्वास अडकावा.

आणि तो पाय झाडला गेला.

एकदा, मग पुन्हा, मग आवरता न आल्यासारखा भराभर. चटई उडाली, धूळ उडाली, आणि पडदा पांढरा झाला.

खोली हसत सुटली. का हसतोय ते कुणाला ठाऊक नव्हतं. कुसाकासाहेब डोळे पुसत होते, "कुणाचा पाय तो? कापून टाका, कापून टाका," म्हणत होते आणि पुन्हा हसत होते. अंधारात माझ्या डावीकडची जागा रिकामी होती. बाक मात्र त्या बाजूनेही हलत होता. मी तिकडे बघितलं नाही. हसताना माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, आणि असा आनंद मला त्याआधी कधी झाला नव्हता.

दिवे लागले तेव्हा किशिनो उभा होता. रिकाम्या पडद्याला त्याने कमरेत वाकून नमस्कार केला आणि टोपी घातली.

त्यानंतर आमच्या गल्लीत जेवढे नट मेले, तेवढेच उठले.

९

चित्रपट लागला. किनुए नवा किमोनो नेसून पहिल्या रांगेत बसली. माझा चेहरा पडदाभर आला, आणि लगेच मेला. ती माझ्याकडे वळली. "एवढ्यात? या घडीसाठी राखलेलं संत्रंसुद्धा मी सोललं नव्हतं!"

घरी येताना मी तिला सगळं सांगितलं. ती हसली, पुलावर उभी राहून रडली, परत हसली. "आता तिसरी वाटी कपाटात ठेवून देते," म्हणाली. मग चालता चालता थांबली.

"आणि तुमचं?"

"माझं काय?"

"तुम्हीपण मेलात ना त्या टेकमध्ये. रीळ त्याला दिलंत. मग तुमचं हसू कधी झालं?"

तिने माझी बाही घट्ट धरली, आणि घर येईपर्यंत सोडली नाही.

त्याला बरीच वर्षं झाली. किशिनो गेला, कुसाकासाहेब गेले, किनुए अजून मला एका संत्र्यात गुंडाळते. मी ठणठणीत आहे आणि अजून बोलावलं की मरायला जातो. त्यानंतरच्या प्रत्येक मरणाचं हसू मी नेमाने दिलंय. त्या एकाचं तेवढं राहिलं. कधी कधी ऊन कलताना गल्लीतून जातो, शूटिंग नसतं, कुणी नसतं, आणि दूर कुठेतरी कॅमेरा गरगरतोय असं वाटून माझी पावलं आपोआप नीट पडायला लागतात.

भीती वाटते का? वाटते. पण मोठ्या खोलीतल्या नव्या पोरांना मी सांगून ठेवलंय. मी गेल्यावर कुठल्या चित्रपटात मागे कोपऱ्यात एखादा म्हातारा फारच छान मेलेला दिसला, तर घाबरून पळू नका रे. थोडं रीळ राखून ठेवा, जवळ या, आणि म्हातारीच्या आवाजात विचारा, "अहो, मेलात की नुसती थंडी वाजतेय?"

मी उठेन.